चीफ असिस्टंटनंतर काय: दिग्दर्शन, निर्मिती की दोन्ही?

तुमचा प्रश्न मला कळला तो असा. चार वर्षं एका दैनंदिन मालिकेवर असिस्टंट डायरेक्टर, त्यातली शेवटची दोन चीफ म्हणून. सेकंड युनिट, म्हणजे मुख्य शूटिंगला समांतर चालणारं दुसरं शूटिंग, लागलं तर ते तुम्हीच उरकता. आता तीन गोष्टी एकदम समोर आल्यात. वाहिनीच्या ईपींनी (वाहिनीतर्फे कार्यक्रमावर लक्ष ठेवणारे एक्झिक्युटिव्ह प्रोड्युसर) एका विनोदी स्किट शोसाठी एपिसोड दिग्दर्शक म्हणून विचारलंय. तुमचे दिग्दर्शक म्हणतात, ‘थांब, पुढच्या वर्षी ही मालिका तुझ्याकडेच येणार आहे.’ आणि नाशिकचा एक मित्र पैसे घालायला तयार आहे, आपणच कंपनी काढू म्हणतोय. त्यात कुणीतरी ऐकवलं की सगळीकडे तोंड घालणारा कुठलाच राहत नाही. मग एक धरून बसावं की सगळं करून बघावं, असं तुम्ही विचारलंय.

मला यात दोन वेगळे प्रश्न दिसतात. मालिकेतून स्किटकडे जाणं म्हणजे प्रकार बदलणं. दिग्दर्शकाचा निर्माता होणं म्हणजे खुर्ची बदलणं. आपल्याकडे दोन्हींना ‘अष्टपैलू’ हाच शब्द वापरतात, म्हणून ती एकाच जिन्याच्या पायऱ्या वाटतात. पहिलं वाटतं त्यापेक्षा सोपं आहे. दुसरं वाटतं त्यापेक्षा बरंच अवघड आहे, आणि त्याचा कॅमेऱ्याशी फारसा संबंधच नाही.

आधीच सांगते, यातलं बरंच काही तुमच्या परिस्थितीवर आहे. मुंबईत भाडं भरताय की घरच्यांच्या घरात राहताय, डोक्यावर हप्ते आहेत का, घरात दुसरा पगार येतो का, यावर उत्तर बदलेल. मी मराठी वाहिन्यांवर काम करत आले आहे, आधी मालिका, मग गाण्याचे आणि विनोदाचे कार्यक्रम, अलीकडे थोडी निर्मिती. हिंदीचे आकडे आणि रिवाज निराळे, ते इथे धरू नका.

आपल्या क्षेत्रात ‘सगळं करणारा’ माणूस आला कुठून ते पाहायला हवं. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं. तिथे ‘निर्माता’ हे पद होतं, नोकरी होती. हा निर्माता पैसे घालत नसे. कार्यक्रम आखायचा, माणसं गोळा करायची आणि बऱ्याचदा कंट्रोल रूममध्ये बसून दिग्दर्शनही तोच करायचा. विनय आपटे तिथलेच. ‘गजरा’सारखा कार्यक्रम त्यांनी केला, पुढे रंगभूमीवर दिग्दर्शन, मालिका आणि पडद्यावर अभिनय असं सगळं केलं. ‘ज्ञानदीप’ आकाशानंदांनी उभा केला. विजया जोगळेकर-धुमाळे यांनी ‘चिमणराव’ घराघरात नेला. शेतकऱ्यांचा, कामगारांचा, मुलांचा, साहित्याचा असे सगळ्या जातीचे कार्यक्रम एकाच इमारतीत व्हायचे, त्यामुळे माणसं इकडून तिकडे शिकत गेली. पण त्या पिढीचं कौतुक करताना एक गोष्ट आपण विसरतो, ती म्हणजे पगार. एखादा प्रयोग फसला तरी घरातलं रेशन थांबत नसे. तुम्ही जे सगळं करून बघाल ते स्वतःच्या खिशातून, हा फरक लहान नाही.

आता प्रकार बदलण्याबद्दल. सतीश राजवाडे यांनी ‘असंभव’सारखी गूढ मालिका केली आणि ‘एका लग्नाची दुसरी गोष्ट’सारखी हलकीफुलकीही. जातकुळी वेगळी, पण नटाकडून काम काढून घ्यायची हातोटी तीच. तुमच्याकडे अशी बरोबर नेता येईल अशी कोणती गोष्ट आहे, ते ओळखा. मला वाटतं, ती आहे आणि तुम्हाला तिची किंमत कळलेली नाही.

मंगळागौरीचा सीन घ्या. घोडबंदर रोडवरचा बंगला, दिवाणखान्यात नऊ बायका, तीन कॅमेरे. त्यातल्या ज्येष्ठ अभिनेत्रीचा संध्याकाळी गडकरी रंगायतनला प्रयोग, तिला साडेतीनला सोडायचंच आहे. सीन हातात आला दीड वाजता, कारण डायलॉग उशिरा आले. नवा दिग्दर्शक पानावरच्या क्रमाने सुरुवात करतो आणि तीन वाजता डोक्याला हात लावतो. तुम्ही काय करता? सगळ्या जणी आहेत तोवर मास्टरमध्ये, म्हणजे सगळ्या एकत्र दिसतील अशा शॉटमध्ये, फक्त प्रवेश आणि शेवट उरकता. मग लगेच तिचे क्लोज, सगळेच्या सगळे, समोरच्यांची सजेशन, म्हणजे खांदा किंवा पाठ, फ्रेमच्या कडेला ठेवून. ती निघाली की तिची साडी दुसऱ्या कुणाला नेसवून पाठमोरी बसवता आणि बाकीच्यांच्या प्रतिक्रिया घेता. वाक्यं द्यायला असिस्टंट उभा. बांगड्या कुठल्या हातात किती होत्या ते कंटिन्युइटीवाल्या मुलीने फोनवर टिपून ठेवलेलंच असतं. घरी बघणाऱ्याला ती अर्ध्या सीनमध्ये नव्हती हे कळतही नाही. अर्ध्या तासाच्या स्लॉटला साधारण बावीस मिनिटांचा मजकूर लागतो, आणि आठवड्याला सहा एपिसोड द्यायचे म्हणजे हे असं रोज. वेळ संपत असताना काय आधी घ्यायचं आणि काय सोडून द्यायचं, हा निर्णय तुम्ही चार वर्षं घेताय. हीच तुमची पुंजी, आणि ती कुठल्याही प्रकारात चालते.

स्किट शोमध्ये नवीन काय असेल? मालिकेत तुम्ही तुकडे गोळा करता आणि एडिटमध्ये शिवता. तिथे स्किट सलग होतं, समोर प्रेक्षक बसलेले, आणि कॅमेरे पीसीआरमधून, म्हणजे प्रॉडक्शन कंट्रोल रूममधून, तिथल्या तिथे स्विच होतात. प्रत्येक कॅमेऱ्याचं रेकॉर्डिंग वेगळं असतंच, एडिटला दुरुस्ती होते, पण लाइन-कट, म्हणजे तिथल्या तिथे स्विच करून झालेलं रेकॉर्डिंग, फसला असेल तर एडिटरही किती सावरणार? विनोदात गंमत बोलणाऱ्याइतकीच ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर असते. पंच पडला की कॅमेरा ज्याला तो लागला त्याच्यावर हवा, आणि हशा ओसरेपर्यंत तिथेच थांबायला हवं. मालिकेवरून आलेल्यांना हे थांबणं जड जातं, कारण त्यांचा हात सतत पुढच्या वाक्याकडे धावत असतो. म्हणून टेक्निकल रिहर्सलला स्क्रिप्टवर खुणा करून ठेवायच्या. कुठलं वाक्य कोणावर, कुठे वाइड, कुठे परीक्षक.

दुसरी गोष्ट टॉकबॅकची, म्हणजे पीसीआरमधून युनिटशी हेडफोनवर बोलण्याची. सेटवर तुम्ही नटाच्या कानाशी जाऊन हळू बोलता. पीसीआरमध्ये तुमचा आवाज एकदम दहा-बारा जणांच्या कानात जातो. ‘दोन, आजोबांवर राहा. तीन, मला वाइड दे. तीनवर जातेय... घेतला. दोन, हलू नकोस.’ कोणाला उद्देशून बोलताय तो नंबर आधी, सूचना नंतर. उलटं बोललात की चौघे एकदम हलतात. आवाज चढवला तर कॅमेरामनचे हात थरथरतात, आणि ते पडद्यावर दिसतं. हे अंगवळणी पडायला काही एपिसोड जातात. जुना व्हिजन मिक्सर, म्हणजे तुमच्या सांगण्यावर कॅमेरे स्विच करणारा माणूस, मिळाला तर त्याच्याशी आधी चहा प्या. पहिल्या शेड्यूलला तोच तुम्हाला तारून नेईल.

तेव्हा माझं मत, स्किट शो घ्या. फक्त हो म्हणण्याआधी ईपींना विचारा की काम नेमकं कोणतं. बऱ्याच शोमध्ये एक शो डायरेक्टर असतो आणि स्किट बसवणारी माणसं वेगळी असतात. कधी लेखक आणि कलाकार मिळूनच स्किट बसवतात आणि दिग्दर्शकाच्या वाट्याला नुसता कॅमेरा येतो. तेही काम वाईट नाही, पण त्याला दिग्दर्शन समजून गेलात तर पंधरवड्यात चिडचिड सुरू होईल. एडिटला बसायला मिळणार का, श्रेयनामावलीत नाव काय जाणार, किती एपिसोड नक्की, सीझन मधेच थांबला तर काय, हे मेलवर घ्या. तोंडी ‘अरे, बघू ना आपण’ याचा आपल्याकडे अर्थ काय होतो ते तुम्हाला ठाऊकच आहे.

‘पुढच्या वर्षी मालिका तुझी’ या शब्दावर मात्र काही बेतू नका. तुमचे दिग्दर्शक खोटं बोलत असतील असं नाही. पण जे ते देऊ करताहेत ते त्यांच्या हातातलं नाही. दिग्दर्शक कोण, हे निर्माता आणि वाहिनी मिळून ठरवतात. आणि पुढच्या वर्षी मालिका असेल का हे दर गुरुवारी येणारे टीआरपीचे आकडे ठरवतात. वेळ बदलते, नायिका बदलते, चांगली चाललेली मालिकाही काही आठवड्यांच्या नोटिशीवर गुंडाळतात. मात्र नातं तोडू नका. सुट्टीच्या काळात त्यांचं सेकंड युनिट करून देईन असं आपण होऊन सांगा. असली माणसं पुढे फार उपयोगी पडतात.

राहिली ‘कुठलाच न राहण्याची’ भीती. ती अगदीच खोटी नाही. ईपीला माणूस हवा असतो तेव्हा तो फोनमधली नावं चाळतो, आणि प्रत्येक नावापुढे त्याच्या डोक्यात एकच गोष्ट असते. हा लग्नाचे सीन चांगले करतो, ही लहान मुलांकडून काम काढून घेते, वगैरे. सुरुवातीची काही वर्षं तुमच्या नावापुढे अशी एक गोष्ट असायला हवी. तुमची मी सुचवते, भरपूर माणसांचे सीन, कमी वेळात. स्किट शोमध्येही तीच ओळख घेऊन जा. प्रकार कितीही बदला, ओळख इतक्यात बदलू नका.

आता मित्राच्या पैशाकडे येते. इथे जरा लांबण लागेल.

दूरदर्शनच्या प्रायोजित मालिकांच्या काळात निर्माता प्रक्षेपणाचं शुल्क भरून वेळ घ्यायचा, बदल्यात जाहिरातीची मिनिटं मिळायची, ती विकून पैसे काढायचे. त्या निर्मात्याला शूटिंगइतकंच जाहिरातवाल्यांच्या दारात उभं राहता यावं लागे. गौतम अधिकारी त्यातून वर आलेले दिग्दर्शक. पण ते एकटे नव्हते, भाऊ मार्कंड बरोबर होते. ढोबळमानाने गौतम सेटवर आणि मार्कंड व्यवहारात, अशी दोन खुर्च्यांवर दोन माणसं होती. त्यांच्याच घरातून ‘दामिनी’ आली, जी मराठीतली पहिली दैनंदिन मालिका म्हणून ओळखली जाते, आणि पुढे सब ही वाहिनीही उभी राहिली, जी २००५ मध्ये सोनीने घेतली. स्मिता तळवलकरांचा मार्ग वेगळा होता. दूरदर्शनवर बातम्या वाचत, अभिनय करत त्या निर्मितीत आल्या. ‘कळत नकळत’ त्यांनी काढला तेव्हा दिग्दर्शन कांचन नायक यांच्याकडे दिलं, ‘चौकट राजा’ संजय सूरकरांकडे. स्वतः दिग्दर्शन केलं ते त्यानंतर, ‘सवत माझी लाडकी’चं. दोन्ही खुर्च्यांवर पहिल्याच दिवशी एकटं बसण्याची घाई या दोघांच्याही वाटचालीत मला दिसत नाही. मालिकेचा पसारा वाढवतानाही त्यांनी सोबत माणसं ठेवली.

आज वाहिनीवरची बहुतेक मालिका कमिशन्ड असते. वाहिनी एपिसोडमागे ठरावीक रक्कम देते, हक्क तिच्याकडे राहतात, आणि निर्मात्याला त्या रकमेत मालिका करून देऊन जे उरेल ते मिळतं. ऐकायला सुरक्षित वाटतं. आता हिशेब करू. आकडा मी केवळ सोयीसाठी घेते, याला बाजारभाव समजू नका.

समजा एपिसोडचा खर्च एक लाख, महिन्याला २६ एपिसोड, म्हणजे २६ लाख. बिल २८ लाखांचं. महिनाअखेर बिल दिलं आणि पैसे ९० दिवसांनी येणार असतील, तर नवखा माणूस म्हणतो, तीन महिने काढायचे आहेत. तीन नाही, चार. पहिला महिना बिल होण्याआधीच शूटिंगमध्ये गेलेला असतो. पहिला चेक येईपर्यंत खर्चाची बेरीज १ कोटी ४ लाखांवर जाते. वर १८ टक्के जीएसटी. २८ लाखांवर ५ लाख ४ हजार, आणि तो पुढच्या महिन्याच्या २० तारखेला भरायचा, वाहिनीचे पैसे आलेले असोत वा नसोत. चेक हातात येण्याआधी असे तीन हप्ते, म्हणजे १५ लाखांच्या वर. त्यातून कॅमेरा-लाइटच्या भाड्यावर भरलेल्या कराची वजावट मिळते, पण रोजंदारीवरची मंडळी आणि २० लाखांच्या आत उलाढाल असलेले, नोंदणी नसलेले कलाकार यांच्या बिलात कर नसतो, मग वजावट कसली? शिवाय वाहिनी टीडीएस कापून देणार. सेट उभा करायचा खर्च आणि प्रक्षेपणाआधी शूट करून साठवून ठेवलेले एपिसोड मी अजून धरलेच नाहीत.

तुम्ही म्हणाल, कलाकारांचे पैसेही ९० दिवसांनी जातात, त्यामुळे सगळा भार एकदम येत नाही. खरं आहे. आपला धंदा मोठ्या प्रमाणावर कलाकार आणि तंत्रज्ञांच्या उधारीवर चालतो, आणि मला ते कधीच पटलेलं नाही. पण स्पॉटदादा, लाइटचे लोक, सेटिंगवाले, जेवण, जनरेटर, बंगल्याचं भाडं यातलं काही थांबत नाही. उशीर झाला की शिव्या वाहिनीला बसत नाहीत. ज्याने फोन करून माणसं बोलावली त्याला बसतात. तो फोन तुमच्या नंबरवरून गेलेला असणार. पुढे तुम्ही दिग्दर्शक म्हणून दुसरीकडे गेलात तरी हीच माणसं सेटवर असणार आहेत.

करोनाच्या काळात हे उघडं पडलं. मार्च २०२० मध्ये शूटिंग थांबलं, जवळपास तीन महिन्यांनी नियम पाळून सुरू झालं. २०२१ च्या एप्रिलमध्ये महाराष्ट्रात पुन्हा बंदी आली तेव्हा अनेक युनिट्स गोव्याला गेली, आणि मे महिन्यात गोव्यानेही परवानगी थांबवली. पुन्हा गाशा गुंडाळून तिसरीकडे. त्या दिवसांत दिग्दर्शकाचं काम गेलं. निर्मात्याचं काम गेलंच, पण मुंबईतल्या बंद सेटचं भाडं चालू राहिलं. दोन खुर्च्यांमधला फरक याहून सोपा करून मला सांगता येणार नाही.

मग निर्मिती करूच नये का? करावी, पण मधला टप्पा घेऊन. लाइन प्रोड्युसर किंवा कार्यकारी निर्माता म्हणून एखाद्या मोठ्या कंपनीच्या पैशावर एक काम करा. तुम्हाला ठरावीक मानधन, आणि तोट्यात पाय अडकलेला नाही. त्याहून आधीची पायरी तर उद्यापासूनच सुरू करता येईल. तुमच्या प्रॉडक्शन कंट्रोलरशी तुमचं बरं असेल, तर त्याच्याकडून रोजचा खर्चाचा कागद बघायला मागा. कॉलशीट, म्हणजे उद्या कोणाला किती वाजता कुठे बोलवायचं त्याची यादी, तुम्हीच करता, पण त्या कॉलशीटची किंमत किती झाली हे चीफ असिस्टंटला सहसा कुणी दाखवत नाही. देवळातला सीन वीस ज्युनिअर आर्टिस्टांसह केला तर काय पडतं, तोच प्रसंग देवळाबाहेरच्या पायरीवर दोघांत केला तर काय वाचतं, आणि गोष्टीचं त्यात काही जातं का, हे रोज कागदावर करून बघा. वर्षभरात तुमचं दिग्दर्शनही बदललेलं दिसेल.

थोडक्यात, स्किट शो लेखी अटींवर घ्या, मालिकेच्या आश्वासनाची वाट बघू नका, आणि कंपनीचं नाव अजून रजिस्टर करू नका. मित्राला नाही म्हणायची गरज नाही, त्याला प्रश्न विचारा. पैसे चार महिने अडकले तर त्याचं घर चालेल का? रोज ऑफिसात बसून बिलं, जीएसटी, वाहिनीच्या अकाउंट्समधले फोन हे तो करणार आहे, की नाशिकहून फक्त पैसे पाठवणार आहे? पैसे घालणारा मित्र आणि धंदा सांभाळणारा भागीदार ही दोन वेगळी माणसं असतात, आणि तुम्हाला दुसऱ्याची गरज जास्त आहे. उद्या कंपनी काढलीच, तर साधी भागीदारी नको, कारण तिथे कर्ज तुमच्या घरापर्यंत येऊ शकतं. एलएलपी (मर्यादित जबाबदारीची भागीदारी) किंवा प्रायव्हेट लिमिटेडबद्दल सीएशी बोला. आणि हातातले पैसे पायलट, म्हणजे वाहिनीला दाखवायच्या नमुन्याच्या, एपिसोडवर उडवू नका. वाहिनीने पायलट नाकारला तर तो खर्च कुणी परत देत नाही.

एक गोष्ट तुम्ही लिहिलेली नाही. स्किट शोचे पैसे एपिसोडवर आहेत की महिन्यावर? एपिसोडवर असतील तर विचारा की एका दिवसात किती स्किट शूट करणार आहेत. दिवसाला दोन-दोन एपिसोड उरकत असतील तर महिन्यात तुमचे कामाचे दिवस मोजकेच भरतील, आणि सेकंड युनिट सांभाळून घर चालवायचा हिशेब तिथूनच मांडावा लागेल. तेवढं कळवा, मग आकड्यांवर बोलू.